रानगाजराचा ठसा

आमच्या छापखान्यात चित्र छापायच्या लाकडी ठशावर कोरलेला एक घोडेस्वार आहे. शूरवीरांच्या पुस्तकात तो तीन देशांचा राजा झाला, सरदारांच्या चालीरीतींच्या पुस्तकात घरचा यजमान झाला, आणि एकाही गिऱ्हाइकाने हूं की चूं केलं नाही. म्हणून वनस्पतींच्या पुस्तकासाठी रानगाजराचा ठसा वेळेवर आला नाही, तेव्हा मीच नवऱ्याला म्हटलं, "आधीच्याच पानावरचा लावा. पांढरी फुलं ती पांढरी फुलं."

आधीच्या पानावर हेमलॉक होतं.

आज दुपारी ठसे कोरणारा ऑस्बर्न रानगाजराचा तो राहिलेला ठसा घेऊन आला. छापलेलं पान पाहून त्याचं हसू मावळलं. "थॉमसिन, हे ठिपक्यांचं खोड मी विषाच्या झाडाला कोरलं होतं. याची मुळी पोटात गेली तर माणूस संध्याकाळ बघत नाही."

माझी चार वर्षांची अ‍ॅमिस खोकल्याने हैराण होऊन नदीपलीकडे, लॅम्बेथला, माझ्या आईकडे होती. आईला अक्षर येत नाही. रविवारी पहिली प्रत मिरवत नेली ती मीच, आणि त्या पानात दोरा घालून सांगितलं तेही मीच, की या चित्रातल्या झाडाची मुळी मधात उकळून दे.

"अगं, तुझी आई पन्नास वर्षं पाला खुडतेय," नवरा म्हणाला. "ती कशी फसेल?"

"फसेल. पुस्तक लेकीने दिलंय."

नावेत मला बसवेना. नावाडी म्हणाला, "बाई, खाली बसा. तुम्ही उभ्या राहिलात म्हणून थेम्स काही अरुंद होत नाही." मी त्याच्यावर खेकसले. खरं तर मला माझ्याच जिभेची चीड आली होती.

आईचं दार उघडं होतं. चुलीवर भांडं, फळीवर चिरलेली पांढरी मुळी, आणि शेजारी उघडं पुस्तक. अ‍ॅमिस खोकली. तो खोकला ऐकून मला रडू आलं, कारण खोकणारं पोर जिवंत असतं.

"मुळी दिलीस तिला?"

"अजून नाही. दोनदा चूल पेटवली, दोनदा विझवली." आई ओशाळली होती. "या झाडाला उंदराचा वास येतो गं. हे ते नव्हे, असं नाक सांगत होतं. पण चित्र म्हणतं हेच. म्हटलं, छापलेलं कसं चुकेल, आणि तेही तुझ्या घरचं? माझंच नाक म्हातारं झालं. आता तिसऱ्यांदा पेटवणार होते."

"तुझं नाक बरोबर आहे, आई. चित्र चुकीचं आहे. मीच लावायला सांगितलं."

आई रागावली नाही. रागावली असती तर बरं झालं असतं. तिने अ‍ॅमिसला जवळ ओढलं, पुस्तक मिटलं आणि विचारलं, "अशी किती गेली?"

"दोनशे."

"कुणाकडे?"

"माहीत नाही. पुस्तकांच्या दुकानदाराने नेली, विकायला."

आईने फळीवरच्या मुळीकडे पाहिलं. "त्या सगळ्या घरांत म्हातारी आहे का गं?"

नावाडी अजून काठावर होता. त्या दुकानदाराला गाठायला मी धावत सुटले.