साचेखात्यातला नट

विल्फ ओल्डरॉइडला सगळं इंग्लंड ओळखत होतं आणि त्याचं नाव कुणालाच ठाऊक नव्हतं. खाटकाच्या दुकानात रांगेत उभा राहिला की एखादी बाई त्याला खालवर न्याहाळून विचारायची, "अहो, तुम्ही आमच्या ब्रेंडाच्या लग्नात होतात ना?"

विल्फ टोपी उचलून म्हणायचा, "होतो तर! केक फक्कड झाला होता."

टेलिव्हिजनवरचा हवालदार तो, बसचा कंडक्टर तो, मढ्याची पेटी खांद्यावर घेणाराही तोच. दारात उभं राहायचं, "बाईसाहेब, बातमी वाईट आहे" म्हणायचं आणि चालू लागायचं. पण ती बातमी तो अशी काही सांगायचा की पुढचं रडणं नायिकेला फुकटात मिळायचं. वाहवा तिची व्हायची.

नायक सगळे लंडनचे, जिभेला इस्त्री करून बोलणारे. आम्हा गिरणीगावच्या माणसांना नोकराची कामं. एखाद्या नाटकात गिरणी कामगार नायक असला तर तोही लंडनवालाच व्हायचा. आमची बोली महिनाभर शिकायचा आणि सर्दी झालेल्या बैलासारखा हंबरायचा. त्याला म्हणे कला म्हणतात!

विल्फ उत्तरेकडच्या लँकशरमधल्या रॉवेनशॉ या गिरणीगावचा. त्याची आई ॲलिस हिनं उभा जन्म तिथल्या गिरणीच्या साचेखात्यात, म्हणजे मागांच्या खात्यात काढला. शेकडो माग एकदम धडधडायचे, कानाशी कोकललं तरी ऐकू जात नसे. म्हणून तिथल्या बाया आवाजाशिवाय बोलायच्या. जबडा ऐसपैस उघडून, शब्द न् शब्द ओठांवर घडवून. या टोकाची बाई त्या टोकाच्या बाईला मुकादमाची लफडी सांगायची; मुकादम मधून चालत जायचा आणि त्याला गंध नसायचा. विल्फ आईच्या मांडीवरच ही बोली शिकला. नटाचं तोंड कसं हलावं हे त्याला कुठल्या नाट्यशाळेनं नाही, त्या बायांनी शिकवलं.

आईला त्याच्या नटपणाचं काडीचं कौतुक नव्हतं. "टोपी घालून दारात उभं राहायचं, याला काम म्हणतात? काम करता करता तुझी एडिथमावशी मेली."

एडिथमावशी गिरणीच्या आगीत गेली होती. बाया मध्येच बाहेर पडू नयेत म्हणून वरच्या मजल्याच्या दाराला बाहेरून कुलूप घातलेलं होतं. चौकशी झाली. कुलपाचा शब्दसुद्धा त्यात आला नाही. मालकानं चर्चला रंगीत काचांची खिडकी दिली, आणि त्या खिडकीखाली बसून गाव प्रार्थना करत राहिलं.

आणि नेमकं अशाच आगीवरचं नाटक विल्फच्या वाट्याला आलं. जळालेल्या मुलीचा बाप. मालकासमोर उभं राहून कुलपाबद्दल बोलायचं, पानभर. एवढं मोठं बोलणं त्याला आयुष्यात मिळालं नव्हतं. त्यानं कोपऱ्यावरच्या दुकानवाल्या पिलिंगबाईकडं फोन लावून आईला बोलावून घेतलं.

"आई, रविवारी बघ. मी कुलपाचं बोलणार आहे."

मग म्हातारी म्हणाली, "पिलिंगबाईकडं टेलिव्हिजन आहे. खात्यातल्या सगळ्याजणींना बोलावते."

तालीम लंडनमधल्या एका चर्चच्या हॉलमध्ये चालायची. जमिनीवर रंगीत पट्ट्या चिकटवलेल्या. हे दार, ही भिंत. मालक झाला होता ज्युलियन कॅरिसफर्ड, रंगभूमीवरचं बडं प्रस्थ. त्यानं दिग्दर्शक पेरेग्रिनला कोपऱ्यात घेतलं. "त्या प्रसंगात मी नुसता ऐकत उभा राहतो. बरं दिसतं का ते?"

शुक्रवारी पेरेग्रिन विल्फकडं आला. "विल्फ, नाटक लांबतंय रे. तुझं भाषण गेलं. 'माझी पोरगी होती ती, साहेब', एवढं ठेवू."

कॅरिसफर्ड सिगरेट पेटवत म्हणाला, "मनाला लावून घेऊ नकोस, गड्या. तुझा चेहराच पुरेसा आहे."

विल्फनं पिलिंगबाईचा फोन लावला. आईला सांगून टाकावं, बायांना बोलावू नकोस म्हणावं.

"ॲलिस होय? अगंबाई, ती केस सेट करून घ्यायला गेलीय," पिलिंगबाई म्हणाली. "नवऱ्याच्या मयतालासुद्धा केले नव्हते हो तिनं!"

विल्फनं काही न सांगता फोन ठेवला.

रविवार आला. त्या काळी टेलिव्हिजनवर नाटक थेट जायचं. चुकलं की सगळ्या देशासमोर चुकलं. त्यावर एक तोड होती. मिस हॅलम नावाची पोक्त बाई संहिता घेऊन कॅमेऱ्याशेजारी उभी असायची, हातात एक बटण. नट अडला की ती बटण दाबायची. घरोघरचा आवाज बंद व्हायचा, ती वाक्य सांगायची, बटण सोडायची. लोकांना वाटायचं आपलाच टेलिव्हिजन बिघडला. बटण दाबलेलं असेपर्यंत बाकीच्यांनी पुतळा होऊन राहायचं, हा नियम.

तो प्रसंग आला. विल्फ हातात टोपी घेऊन मालकापुढं उभा राहिला. "माझी पोरगी होती ती, साहेब."

कॅरिसफर्डनं तोंड उघडलं आणि ते उघडंच राहिलं. विल्फच्या लांबलचक भाषणाच्या शेपटाला त्यानं आपलं उत्तर बांधून पाठ केलं होतं. शेपूट त्यानंच कापायला लावलं होतं. आता उत्तर कशाला धरून येणार?

मिस हॅलमनं बटण दाबलं. वाक्य सांगितलं. पुन्हा सांगितलं. कॅरिसफर्ड ढिम्म. वर नियंत्रणकक्षाच्या काचेमागं पेरेग्रिन किंचाळला असणार, कारण कॅरिसफर्डसमोरच्या कॅमेऱ्याचा लाल दिवा विझला आणि विल्फसमोरचा लागला. आता देशाला एकच चेहरा दिसत होता.

विल्फनं मिस हॅलमचा अंगठा पाहिला. बटणावरच होता. नियम मोडला तर काम जाणार, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. त्याच्या डोळ्यांपुढं आईचे सेट केलेले केस आले.

त्यानं जबडा उघडला. आवाज काढला नाही. अडलेल्या नटाच्या कानावर मिस हॅलमचं वाक्य पडायला हवं, एवढी सभ्यता त्या अवस्थेतही त्यानं पाळली. साचेखात्यात बोलतात तसा तो बोलला. दाराला बाहेरून कुलूप होतं. किल्ली तुझ्या खिशात होती. पोरी आतून दार बडवत होत्या, आम्ही रस्त्यात ऐकत होतो. तू खिडकीच्या काचा देशील. मला काचा नकोत. मला एवढंच सांग, कुलूप कुणी लावलं? आणि शेवटी, लेखकानं लिहिलंच नव्हतं ते: तिचं नाव एडिथ होतं.

मग तालमीत भाषण संपवताना घालायचा तशी त्यानं टोपी डोक्यावर घातली. टोपी दिसताच कॅरिसफर्डला वाक्य आठवलं. बटण सुटलं. "झाल्या गोष्टीचं मला दुःख आहे," असं मालक म्हणाल्याचं सगळ्या देशानं ऐकलं.

नाटक संपताच पेरेग्रिन धावत खाली आला. "काय चाललं होतं ते? पाण्याबाहेरच्या माशासारखं तोंड हलवत होतास! नियम माहीत नाही?"

"रिकामं उभं राहवेना, साहेब."

"माझ्या नाटकात पुन्हा दिसू नकोस."

ज्याची अब्रू वाचली तो कॅरिसफर्ड शेजारीच मफलर गुंडाळत होता. चकार शब्द बोलला नाही. मोठी माणसं अशीच मोठी राहतात.

विल्फनं दरवानाच्या खोलीतून फोन लावला. पलीकडं बायांचा कालवा होता. आई आली.

"पिलिंगबाई टेलिव्हिजनला गुद्दे घालत होती. मी म्हटलं, हात लावू नकोस बये, पोरगा बोलतोय."

"कळलं सगळ्यांना?"

"न कळायला काय झालं? चांगला मोठ्यानं बोलत होतास की. फक्त 'किल्ली' म्हणताना जबडा आखडतोस. लहानपणापासूनची खोड." मग ती म्हणाली, "एडिथचं नाव घेतलंस."

"घेतलं. काम गेलं, आई."

"गेलं तर जाऊ दे. आज काम केलंस तू."

दुसऱ्या दिग्दर्शकांनी त्याला घेतलं. असा चेहरा स्वस्तात दुसरा कुठं मिळणार? म्हातारा होईपर्यंत तो दारात उभं राहून वाईट बातम्या सांगत राहिला, आणि त्याच्याइतक्या खऱ्या कुणीच सांगितल्या नाहीत. इंग्लंडभर लोक त्याला ब्रेंडाच्या लग्नाचं विचारत राहिले. रॉवेनशॉमध्ये मात्र पुन्हा कुणी विचारलं नाही. तिथल्या खाटकाच्या रांगेत तो उभा राहिला की म्हाताऱ्या बाया एकमेकींकडं वळायच्या आणि जबडा ऐसपैस उघडून, आवाज न करता, त्याचं पूर्ण नाव घ्यायच्या.