मुक्या पट्टीचा सूड

मी पियानो बोलतोय. सरळ सांगतो, माझ्या मनात राग आहे आणि तो मला गिळायचा नाही.

अमेरिकेत, मिसुरीतल्या एका रेल्वेच्या गावात टाबिथा मावशींच्या क्लबात माझी उमेदीची वर्षं गेली. सगळे आमचे काळे लोक. हमाल, धोबिणी, गाडीवर कोळसा टाकणारे. एकदा भांडणात कुणीतरी माझ्यावर बाटली हाणली आणि मधली एक पांढरी पट्टी कायमची मुकी झाली.

इझिकेल तिथे वाजवायचा. डावा हात कवायतीसारखा एका चालीने चालायचा, आणि उजवा हात त्याला चकवत मधेमधेच पडायचा. ठोका जिथे वाटायचा तिथे नाहीच! बँजोवाल्या आजोबांकडून त्याने ते उचललं होतं. लोक म्हणायचे, तालाच्या चिंध्या केल्यास रे बाबा. रॅग म्हणजे चिंधी, त्यावरूनच त्या वाजवण्याला रॅगटाइम म्हणू लागले.

त्याने आपल्या आईसाठी, रोझेटासाठी, एक चाल रचली. मुक्या पट्टीपाशी आला की हात उचलायचा आणि पाय आपटायचा. धप्प! मग सगळा क्लब त्या जागी पाय आपटू लागला. मला तर ती पट्टी मुकी झाल्याचं बरंच वाटायला लागलं.

मग आला हॉर्नबेक, वरच्या रस्त्यावरचा गोरा दुकानदार. तीन दुपारी माझ्या शेजारी बसून पेन्सिलीने चाल उतरवून घेतली, मुक्या पट्टीची रिकामी जागाही तशीच.

"इझिकेल, छापून आणतो. वर तुझ्या आईचं नाव, खाली तुझं."

"मोठ्या अक्षरात हां साहेब. तिला चष्म्याशिवाय दिसत नाही."

कागद छापून आला. आईचं नाव गायब, आणि रचनाकार म्हणून हॉर्नबेक! रोझेटा तो कागद डोळ्यांजवळ धरून किती वेळ आपलं नाव शोधत होती. त्या दिवशी मी ठरवलं, या माणसाला सोडायचं नाही.

ऑगस्टात आमची, गुलामीतून सुटल्याच्या मुक्तिदिनाची सहल असते. मला खटाऱ्यात घालून नदीकाठी नेलं. हॉर्नबेक कागदांचा गठ्ठा विकायला तिथेही हजर! "माझी नवी चाल ऐका," म्हणत माझ्यासमोर बसला आणि घोडं पाठी लागल्यासारखा सुटला. अरे, ही चाल पळवायची नसते, एवढंही त्या गाढवाला कळत नव्हतं.

रिकामी जागा आली. धप्प! दोनशे पाय एकदम आपटले. गोऱ्या माणसाला तोंडावर चोर म्हणायची सोय नव्हती, पण पाय आपटायला कोण अडवणार? हॉर्नबेक दचकला, त्याचा डावा हात भरकटला आणि चाल कोसळली.

टाबिथा मावशी सरबताचा पेला घेऊन पुढे आल्या. "साहेब, तुमच्या चालीत इथे भोक कसं हो?"

"ते... शोभेसाठी ठेवलंय."

"अगं बाई! मग तिथली पट्टी दाबा की. शोभा कशी बिघडते ते आम्हीही ऐकू."

आता खरं सांगतो. उन्हाने त्या पट्टीची अडकलेली हातोडी मोकळी झाली होती. ती वाजली असती, तर मावशींचं बोलणं हवेत गेलं असतं. मी अंगातलं सगळं लाकूड आवळून तिला धरून ठेवलं. हॉर्नबेकने दाबली, पुन्हा दाबली, मग मूठ हाणली. आवाज नाही.

"आमच्या पियानोची मोडकी पट्टी तुमच्या चालीत कुठून आली हो, साहेब?" मावशींनी अगदी गोड आवाजात विचारलं.

लोक रुमालात तोंड खुपसून हसले. हॉर्नबेक गठ्ठा तिथेच टाकून निघून गेला.

इझिकेल म्हणाला, "जाऊ दे मावशी, बास झालं." त्याने हॉर्नबेकला माफ केलं आणि आईला घेऊन सेंट लुईसला गेला. माफ करणं त्याच्या स्वभावात होतं. माझ्या नाही.

आता मी चर्चच्या तळघरात पडलोय, पोटात उंदीर आहेत. दोनदा कारागीर ती पट्टी दुरुस्त करायला आले, मी दाद दिली नाही. तिकडे हॉर्नबेक मेला, पण कागद त्याच्याच नावाने विकला जातोय.

म्हणून तुम्हाला सांगतो. कुठे ती चाल ऐकलीत आणि मधे अचानक रिकामी जागा आली, तर तो कागद जमिनीवर ठेवा, हॉर्नबेकचं नाव वर येईल असा. आणि पाय आपटा.