डोंगराला परत दिलेली सुलूके

मी सुलूके बोलतेय. जात सोनेरी गरुड, मादी, वय बारा. मुक्काम चोंग-जार गाव, उंच डोंगरांतल्या सरोवराच्या दक्षिणेला, जुमाकादिर म्हाताऱ्याच्या अंगणातला माझा बसायचा लाकडी अड्डा. सुलूके म्हणजे देखणी. नाव त्यानेच ठेवलं, तेव्हा मी देखणी होतेही.

ही तक्रार नाही. तक्रार करायला आत काहीतरी तापलेलं असावं लागतं, माझ्यात ते उरलेलं नाही. जे झालं ते सांगते.

गावामागच्या लाल कड्यावर माझा जन्म झाला. घरट्यात आम्ही दोघं होतो, मी आणि माझ्यानंतर चार दिवसांनी अंड्यातून निघालेला भाऊ. मी अंगाने दांडगी. त्याच्या तोंडचा घास ओढायचे, त्याचं डोकं टोचून टोचून सोललं होतं, एकदा त्याच्या पायाची एक नखीही मी तोडली. आमच्यात असंच असतं. आईबाप दिवसातून दोनदा मार्मोट आणायचे, म्हणजे बिळात राहणाऱ्या डोंगरी खारी, मांजराएवढ्या, चरबीने तुडुंब. खाऊन आम्ही झोपायचो. तेव्हा कड्यावरून खाली बघितलं की उतारावर सतत काही ना काही हलत असायचं. ती हालचाल म्हणजेच जग असं मी धरून चालले होते.

मग एके दिवशी वरून दोर आला. दोराला जुमाकादिर लटकलेला होता, आणि दोर धरून वर त्याचा मित्र एसेनकुल.

"दोन्ही घे की," एसेनकुल वरून म्हणाला. "एक विकून टाकू."

"एक आपलं, एक डोंगराचं," जुमाकादिर म्हणाला. "आणि दहा हिवाळ्यांनी हेही डोंगराला परत. ठरलेलं आहे ते."

गरुड पाळून शिकार करणाऱ्या या लोकांत तसंच आहे. पिल्लू घ्यायचं, दहा हिवाळे शिकार करायची, मग मेंढी कापून, चार माणसं बोलावून गरुडाच्या मादीला सोडून द्यायचं, म्हणजे ती आपल्या जातीत जाऊन अंडी घालेल. म्हाताऱ्यांना या रिवाजाचा भारी अभिमान. घेतलेलं परत करणारे आम्हीच, असं ते शहरातून आलेल्या प्रत्येकाला ऐकवतात.

मला पोत्यात घातलं, भावाला घरट्यातच ठेवलं. माझ्या चोचीतून तो सुटला तो असा. तीन वर्षांनी खिंडीपलीकडे लांडग्यांसाठी विष लावून टाकलेल्या मेंढीशेजारी एक गरुड मरून पडलेला सापडला, एका पायाला नखी कमी. हे मला चहाच्या बैठकीत कळलं. आमच्या डोक्यावर कातड्याची टोपी चढवली की डोळे झाकले जातात. कान उघडेच असतात. पण हिला दिसत नाही म्हणजे हिला समजतही नाही, असं धरून माणसं बोलत राहतात. मला जे माहीत आहे त्यातलं अर्धं टोपीखाली कळलेलं आहे.

जुमाकादिरने मला चांगलं वाढवलं, खोटं कशाला बोलू. हलत्या दोरीवर बसवून झोपू दिलं नाही, तो शिक्षणाचा भाग. पण तोही शेजारी जागा असायचा, काहीबाही गुणगुणत. मांस फक्त त्याच्या हातून मिळायचं. हातमोज्यावर उतरले की मानेखाली खाजवायचा आणि म्हणायचा, "माझी लेक." पोटच्या पोराला त्याने तेवढं खाजवलं नसेल. पोरगा मॉस्कोत भिंती बांधतो आणि बापाशी फोनवर हवापाण्याचं बोलतो. घरात म्हातारा, सून गुलबार्चिन आणि मी.

पहिले हिवाळे भरगच्च गेले. बर्फावर कोल्हा लालभडक दिसतो. टोपी काढली की मला तेवढंच दिसायचं, आणि पुढचं सगळं आपोआप व्हायचं. सातव्या हिवाळ्यात आम्ही दिवस दिवस घोड्यावर हिंडून मोकळे परत यायला लागलो. नवव्यात एक ससा मिळाला, आजारी. दहाव्यात काहीच नाही.

बैठकीत मात्र उत्तरं तयार.

"कोल्हे हुशार झालेत," एसेनकुल चहा फुंकत म्हणायचा. "घोड्याची टाप ऐकली की बिळात."

"खिंडीपलीकडे गेलेत. बर्फ नीट पडू दे, येतील."

"मार्मोट तर वरच्या अंगाला सरकलेत. ऊन वाढलंय ना."

सगळे माना डोलवायचे. पंचाहत्तर वर्षं या डोंगरात काढलेली माणसं. ज्याच्या त्याच्या घरात छातीच्या दुखण्यावर मार्मोटची चरबी बाटलीत भरलेली. पुढच्या वर्षी बाटली कशाने भरायची, हे एकालाही सुचलं नाही.

आणि दर वसंतात पोती यायची. एसेनकुल कुरण कमिटीचा प्रमुख. उंदीर आणि खारी कुरण खातात, मेंढ्यांना गवत उरत नाही, म्हणून विष चोळलेले गहू, दर घराला एक पोतं. जुमाकादिर आपलं पोतं घोड्यावर टाकायचा आणि उतारावरच्या बिळाबिळात मूठ मूठ सोडून यायचा. मन लावून करायचा, एक बीळ चुकवायचा नाही. त्याच उतारावर हिवाळ्यात मला घेऊन जायचा आणि कोल्हा का नाही म्हणून कपाळावर हात धरून उभा राहायचा. कोल्हा उंदीर खातो, हे त्याला लहानपणापासून ठाऊक. पण पोतं हे कमिटीचं काम आणि शिकार हा बापजाद्यांचा मान. पोतंवाला आणि गरुडवाला, ही दोन माणसं त्याच्या डोक्यात एकमेकांना कधी भेटलीच नाहीत.

शिकार संपल्यावर तंबूत उतरणाऱ्या परदेशी लोकांसाठी खेळ सुरू झाले. घोड्याच्या मागे दोरीला कोल्ह्याचं जुनं कातडं बांधून ओढायचं, मी वरून झडप घालायची, लोकांनी टाळ्या वाजवायच्या. कातड्यात गवत भरलेलं. ते मी पहिल्याच दिवशी ओळखलं होतं. तरी झडप घालायचे.

अकरावा वसंत आला. ठरलेल्या दहा हिवाळ्यांवर एक वर्ष उलटून गेलं होतं, म्हाताऱ्याच्या मनाला ते लागलं होतं. मेंढी कापली, कणकेचे छोटे बोर्सोक तळून चादरीवर ढीग घातला, गावातले सगळे पांढऱ्या दाढीचे जमले. गुलबार्चिन ताटं फिरवता फिरवता म्हणाली, "मामंजी, नाहीच सोडली तर? वर ती खाणार काय?"

"सूनबाई," एसेनकुल म्हणाला, "डोंगरात खायला नसतं होय? तुझ्या माहेरी दुकानं होती, म्हणून तुला असं वाटतं."

"काका, तुम्ही वर शेवटचे कधी चढलात?"

"माझे गुडघे बघ ना."

"तेच म्हणतेय मी. गुडघ्यांना विचारून सांगताय सगळं."

दोघं-तिघं हसले. जुमाकादिर हसला नाही. "सुनेला विचारून गरुड सोडायचा का आता," कोणीतरी पुटपुटलं, आणि विषय संपला.

मला उंचावर नेलं. पंखाला पांढरी पट्टी बांधली. एसेनकुलने फोनसमोर उभं राहून भाषण केलं, आम्ही निसर्गाचं निसर्गाला देतो वगैरे. कापलेली मेंढी दगडावर ठेवली, निरोपाचा घास. जुमाकादिरने टोपी काढली, मला कपाळाला लावलं आणि ढसाढसा रडला. मग हात वर झटकला.

मी उडाले. चार दिवस मेंढी पुरली.

मग शोधत निघाले. वरच्या अंगाला सरकलेले मार्मोट वरच्या अंगालाही नव्हते. त्यांच्या बिळांच्या तोंडावर गवत वाढलेलं, काहींवर कोळ्यांची जाळी, जुनी, धुळीने जड झालेली. खिंडीपलीकडे गेलेले कोल्हे खिंडीपलीकडे नव्हते. खालच्या कुरणात मला दोन उंदीर सापडले, हळू चालणारे, उन्हात बसून राहणारे. इतकी सोपी शिकार मला आयुष्यात मिळाली नव्हती. दोन्ही खाल्ले. नंतर दोन दिवस चोचीच्या कडेने रक्त येत राहिलं आणि पंख उचलेना.

लाल कड्यावर गेले. घरट्याच्या काटक्या अर्ध्या खाली घसरलेल्या. आम्ही वसंतात जोडीदाराला बोलावतो तसं बोलावलं, उंच जायचं, पंख मिटून पडायचं, पुन्हा उंच. तीन दिवस केलं. वर इतकं स्वच्छ आभाळ असतं की दिवसभराच्या वाटेवरचा पंखही मला दिसला असता. कोणी आलं नाही. चौथ्या दिवशी मी ते थांबवलं. वाईट वाटलं का, तर नाही. कातड्यातल्या गवतासारखं वाटलं.

मांस कुठे मिळतं ते मला एकच ठिकाण माहीत होतं.

जुमाकादिर दुधाची बादली घेऊन गोठ्यातून येत होता. मी अड्ड्यावर बसलेली. त्याचा चेहरा आधी उजळला आणि लगेच पडला. सोडलेला गरुड परत आला म्हणजे डोंगराने देणं घेतलं नाही, असं त्यांच्यात धरतात. ज्याचं डोंगर घेत नाही, त्याला बैठकीत वरची जागा मिळत नाही. त्याने बादली ठेवली, वाळलेल्या शेणी उचलल्या आणि मला फेकून मारल्या. एक, दोन, तीन. तिसरी लागली. मी कुंपणावर गेले आणि तिथेच बसून राहिले.

"हाताची सवय लागलीय हिला," एसेनकुल म्हणाला. "आळशी झाली. लांब नेऊन सोड."

जीपमध्ये टोपी घालून मला तीन तास नेलं, दोन खिंडी ओलांडून. तिकडेही कुरण कमिटी होती. एकोणिसाव्या दिवशी मी परत आले. अड्ड्यावर चढता आलं नाही, गवताच्या गंजीपाशी पडले. गुलबार्चिनने उचललं. बाया गरुडाला हात लावत नाहीत तिथे, तिने लावला. छातीवरून बोटं फिरवली.

"नुसतं हाड आहे," ती स्वतःशीच म्हणाली.

दुकानातली गोठवलेली कोंबडी तिने कोमट पाण्यात धरून मऊ केली आणि एक एक तुकडा चारला. म्हातारा दारात उभा होता. ती मागे न बघता बोलत राहिली.

"वर काही नाहीये, मामंजी. आळस नाही, सवय नाही, हुशारी नाही. काही नाहीये. तुम्ही पेरलेलं उगवलंय."

"मी काय पेरलं?"

ती उठली, गोठ्यात गेली आणि रिकामं पोतं आणून त्याच्या पायाशी टाकलं. त्यावर कवटीचं चित्र. म्हाताऱ्याने वाकून ते चित्र बघितलं. इतकी वर्षं पोतं वाहिलं, चित्र पहिल्यांदाच बघत असावा.

"हे कमिटीचं आहे," तो म्हणाला.

"हात कोणाचे होते?"

तो आत गेला. दुसऱ्या दिवशी हातमोजा घालून बाहेर आला, मला हातावर घेतलं आणि मानेखाली खाजवलं. माफी वगैरे मागितली नाही. त्यांच्यात म्हातारे माफी मागत नाहीत, खाजवतात.

एसेनकुल आणखी दोघांना घेऊन आला. यावेळी दक्षिणेकडे सोडू, खूप लांब, तिकडे अजून रान आहे म्हणतात.

"नाही," जुमाकादिर म्हणाला.

"लोक काय म्हणतील?"

"म्हणू देत."

"मग नवीन पिल्लू तरी आण. नुसता परदेशी लोकांच्या खेळावर गरुडवाला म्हणवून घेणार का?"

त्यावर सगळे उत्साहात आले. जूनमध्ये दुर्बीण घेऊन सगळे कडे फिरले, सहा दिवस. दोर जसा गुंडाळून नेला होता तसाच गुंडाळलेला परत आला. बैठकीत म्हणाले, गरुड हुशार झाले, घरटी आणखी उंच बांधतात.

ते मी टोपीखाली ऐकलं. हसू आलं असतं, पण आम्हाला हसता येत नाही.

आता पुन्हा वसंत आहे. परवा एसेनकुलची गाडी आली, पोत्यांनी भरलेली. मी बाहेर अड्ड्यावर, टोपी नव्हती. गुलबार्चिन कपडे वाळत घालताना थांबली. म्हाताऱ्याने पोत्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि मान हलवली.

"यंदा मी नाही जाणार."

गुलबार्चिनने श्वास सोडलेला मला ऐकू आला.

"गुडघे का?" एसेनकुलने विचारलं.

जुमाकादिरला खरं सांगता आलं असतं. सगळ्या गावात त्याचं ऐकलं जातं, गरुडवाला म्हणून. तो म्हणाला असता तर निम्मी पोती गाडीतच राहिली असती. त्याने गुडघ्यावर हात ठेवला.

"हो, गुडघेच. माणूस पाठव दुसरा," तो म्हणाला. आणि मग, रिवाजाने सांगितलेला शेजारधर्म चुकू नये म्हणून, म्हणाला, "माझं घोडं घेऊन जा."

गुलबार्चिनने ओला शर्ट झटकला आणि दोरीवर टाकला. घोडं गेलं.

माझ्यासारख्या गोष्टी सांगणारे शेवटी म्हणतात, पिंजरा उघडा, आम्हाला मोकळं करा. मी तसं म्हणणार नाही. मी अड्ड्यावर बसते, कोंबडी खाते, पावसाळी हवेत चोचीच्या कडेने अजून थोडं रक्त येतं. तुमच्या गावातही पांढऱ्या केसांची माणसं मेंढी कापून, भाषण करून काहीबाही सोडत असतील, डोंगरात, नदीत, रानात. त्यांना माझा एवढाच निरोप द्या: आधी वर जाऊन बघून या. आणि मला सोडू नका.