आहे २९७, हवी २४०

शनिवारी दुपारी ती आली तेव्हा बाबा स्टुलावर चढून स्वयंपाकघराच्या भिंतीला रंगाचा शेवटचा हात देत होते. रंग पिवळा, पिकायला आलेल्या लिंबासारखा. अंगात विटका शर्ट आणि कानावर सवयीने खोचलेला खडू. आई स्टूल घट्ट धरून उभी होती. हे काय स्टुलावर चढायचं वय आहे का, असं ती भिंतीला विचारत होती. बाबांना विचारून उपयोग नसतो हे तिला छत्तीस वर्षांच्या संसारात कळून चुकलं होतं.

गल्लीत त्यांना सगळे मास्तर म्हणत. शिवणकामाचं दुकान घराच्या बाहेरच्या खोलीत, मागे राहायच्या दोन खोल्या आणि सगळ्यात शेवटी हे स्वयंपाकघर. त्याच्या एकुलत्या एका खिडकीसमोर हातभर अंतरावर शेजाऱ्यांची भिंत होती. दुपारी बारालासुद्धा तिथे दिवा लावल्याशिवाय मीठ कुठलं आणि साखर कुठली ते कळत नसे.

"कसा वाटतो रंग, पंडितबाई?" बाबांनी वरूनच विचारलं. कॉलेजच्या ग्रंथालयात नोकरी करणाऱ्या, बसता उठता पुस्तकात डोकं असलेल्या लेकीला ते लहानपणापासून याच नावाने हाक मारायचे.

"ठीक आहे," ती म्हणाली आणि पाणी घ्यायला आत येताना सवयीने दिव्याचं बटण दाबलं.

बाबांनी एकदा दिव्याकडे पाहिलं. मग खाली उतरून ब्रश धुवायला गेले.

बाकी दुपार नेहमीसारखीच गेली. ती बाहेरच्या खोलीत वाचत बसली. बाबा समोरच्या रेडीमेड दुकानातून आलेल्या पॅन्टी एकामागून एक मुडपत होते आणि आई शर्टांना बटणं लावत होती. मध्येच बाबांनी तिच्यापुढे सुई धरली, तिने मान न उचलता दोरा ओवून दिला. निघताना त्यांनी उद्या जेवायलाच ये म्हणून सांगितलं. ती बघते म्हणाली. शहराच्या दुसऱ्या टोकाला तिची भाड्याची खोली होती आणि रविवारी तिला झोपायचं असे.

रविवारी सकाळी मशीनवर बसल्या बसल्या मास्तर गेले. सुईखाली पॅन्टचा एक पाय होता. टीप अर्ध्यावर आली होती.

तिसऱ्या आठवड्यात मामाने विषय काढला. माणूस वाईट नव्हता, पण कुठल्याही दुःखात त्याला आधी चौरस फूट दिसत. घर विकून टाका, म्हणाला. बहिणीने लेकीकडे राहावं, उरलेलं कर्ज फिटेल, वर चार पैसे हातात राहतील. "हौसेला मोल नसतं ताई, पण हप्त्याला असतं."

"नऊच तर राहिलेत," आई म्हणाली. "वीस वर्षांचं कर्ज. दोनशे चाळीसातले दोनशे एकतीस गेले. इतकी वर्षं रेटलं, आता नऊ हप्त्यांसाठी विकू?"

मामाने भाचीकडे पाहिलं. भाचीने जमिनीकडे पाहिलं. नऊ नव्हे, सहासष्ट राहिले होते, आणि घरात हे फक्त तिला ठाऊक होतं. म्हणजे तिला तसं वाटत होतं.

त्याला आता अकरा वर्षं झाली होती. ती तेव्हा बावीस वर्षांची, नुकती नोकरीला लागलेली, आणि नव्या नोकरदाराला असते तशी जगाला शहाणं करायची घाई तिलाही होती. घरातल्या कपाटात तिला बँकेचं एक पत्र सापडलं, चार वर्षांपूर्वीचं, घडीही न मोडलेलं. व्याज साडेआठ टक्क्यांवरून दहा टक्क्यांवर गेल्याचं त्यात कळवलं होतं. हप्ता मात्र होता तेवढाच राहणार होता. बाबांनी बँकेत तेवढंच विचारून घेतलं होतं: हप्ता वाढला का? नाही ना? मग ठीक. आणि पत्र कपाटात ठेवून दिलं होतं. महिन्याची कमाई महिन्याला मोजणाऱ्या माणसाचा हिशेब तो. ज्याला हप्ता झेपतो, त्याला कर्ज झेपतं.

तिने ग्रंथालयातल्या कॉम्प्युटरवर हिशेब मांडला, कागद छापून आणला आणि रविवारच्या जेवणाला बाबांच्या ताटाशेजारी ठेवला. कर्ज बारा लाखांचं. ठरल्याप्रमाणे वीस वर्षांत फिटतं तरी पंचवीस लाख गेले असते. पण दीड टक्का व्याज वाढलं आणि बँकेने हप्ता न वाढवता मुदत वाढवली. दोनशे चाळीस हप्त्यांचे दोनशे सत्याण्णव झाले. जवळजवळ पाच वर्षं जास्त, आणि बारा लाखांचे एकतीस लाख.

बाबांनी आकड्यांवरून बोट फिरवलं. मग म्हणाले, "म्हणजे कंबर तीच ठेवली आणि लांबी सोडली."

"प्रत्येक गोष्टीची पॅन्ट करू नका, बाबा."

"मग काय करता येतं?"

"वरचे पैसे भरले तर थेट मुद्दल कमी होतं, मुदत घटते. पण ते तुम्ही आणणार कुठून?" इथे ती थांबली असती तरी चाललं असतं. ती थांबली नाही. "सही करण्याआधी कुणाला तरी विचारायचं होतं. एकतीस लाख, आणि कशासाठी? भर दुपारी दिवा लावावा लागतो अशा घरासाठी."

आई तेव्हा शेजारी गेली होती, म्हणून तिने हे ऐकलं नाही. बाबांनी कागदाची घडी करून खिशात घातली आणि भात थंड होतोय, जेव, एवढंच म्हणाले.

या घरावर तिचा राग जुना होता. चौदाव्या वर्षी शाळा, मैत्रिणी, कोपऱ्यावरचं वाचनालय सगळं सोडून ती इथे आली होती. पहिल्याच दिवशी बाबांनी दार उघडून तिला पुढे केलं होतं आणि कसं आहे म्हणून विचारलं होतं. ती "बरं आहे" म्हणाली होती. त्यानंतर एकोणीस वर्षांत घराबद्दल याहून चांगला शब्द तिच्या तोंडून निघाला नव्हता.

तर सहासष्ट. तिचा पगार आणि आईची काजं-बटणं मिळूनही साडेपाच वर्षं हा हप्ता ओढणं कठीण होतं. विकावं लागणार, हे तिला दिसत होतं. आईला कसं सांगायचं ते दिसत नव्हतं. म्हणून तिने माणसं करतात तेच केलं. मुद्द्याचं सोडून आवराआवर काढली.

दुकानात गिऱ्हाइकांचे कपडे पडून होते. ते ज्याचे त्याला पोहोचते करायचे, तर मापाच्या वह्या काढणं भाग होतं. एक वही नव्या शिलाईची. दुसरी दुरुस्तीची, आणि तिच्या प्रत्येक पानावर बाबांनी दोन रकाने आखलेले: 'आहे' आणि 'हवी'. पॅन्टची लांबी आहे बेचाळीस, हवी एकोणचाळीस. वर गिऱ्हाइकाचं नाव, खाली पेन्सिलीने कंबर. काम झालं की पानावर आडवी रेघ.

दुरुस्तीची वही जाडजूड होती, कारण गेली अकरा वर्षं बाबांचं निम्मं काम तेच होतं. समोरचं रेडीमेड दुकान उघडलं तेव्हा मास्तरांचं कंबरडं मोडलं होतं. त्या दुकानदाराने मोठेपणाने लांबीचं काम देऊ केलं, तर बाबांनी त्याला सांगितलं होतं, "मी कापड कापतो. दुसऱ्याने कापलेलं मुडपत नाही." गल्लीत हे वाक्य गाजलं होतं. आणि एक दिवस मास्तर स्वतः रस्ता ओलांडून गेले आणि पॅन्टींचं गाठोडं काखेत मारून परत आले. तिला तेव्हा वाईट वाटलं होतं. बाबा वाकले, थकले, असं तिने मनाशी ठरवून टाकलं होतं. का गेलात, हे मात्र कधी विचारलं नव्हतं.

वहीच्या पहिल्याच पानावर नाव होतं: पंडितबाई.

ती चक्रावली. तिने कधी काही दुरुस्तीला दिलं नव्हतं. बाबांची शिलाई तिला जुनाट वाटायची, ती कपडे तयारच घ्यायची. खाली लिहिलं होतं: कंबर तीच. लांबी आहे २९७. हवी २४०.

"आई, हे कसलं माप? एवढी लांब पॅन्ट कुणाची असते?" विचारता विचारताच तिला आठवलं. दोनशे सत्याण्णव हा आकडा तिनेच या घरात आणला होता.

'आहे'च्या रकान्यात २९७ वर काट मारून २९५ लिहिलं होतं. त्याखाली २९२, मग २८८. कधी सहा महिन्यांनी, कधी वर्षाने, शाई बदलत, अक्षर थोडं थोडं कापरं होत रकाना खाली उतरत होता. सगळ्यात शेवटी २४३. या पानावर आडवी रेघ नव्हती.

आईने बटणाचा दोरा दातांनी तोडला, चष्मा वर केला आणि पान पाहिलं. काय ते तिला कळेना. तेव्हा लेकीला सगळं सांगावं लागलं: ते पत्र, तो रविवार, आपण काय बोललो तेही. शब्दन् शब्द. आई ऐकत राहिली. मध्ये फक्त एकदा म्हणाली, "तरीच मुडपायचे पैसे कधी घरात आले नाहीत. मला वाटायचं समोरचा बुडवतो. मी त्याच्याशी अकरा वर्षं नीट बोलले नाही."

आणि मग दोघी हसल्या. तीन आठवड्यांत पहिल्यांदाच.

सोमवारी दोघी बँकेत गेल्या. खिडकीपलीकडची बाई तरुण होती, गळ्यात ओळखपत्र, बोटाला शाई. मास्तरांचं नाव ऐकताच तिने हातातलं काम बाजूला ठेवलं. सहा महिन्यांनी, वर्षाने सुट्या नोटांची पुरचुंडी घेऊन यायचे, म्हणाली. भरले की एकच प्रश्न विचारायचे, लांबी किती झाली. आधी तिला कळायचं नाही, मग तीही तसंच म्हणायला लागली.

"आता किती आहे?" लेकीने विचारलं.

"बारा हप्ते." तिने कॉम्प्युटरचा पडदा त्यांच्याकडे वळवला. "सव्वादोन लाखांच्या आत जादा भरले त्यांनी, थोडे थोडे करून. त्यातून चोपन्न हप्ते उडाले. म्हणजे साडेपाच लाखांवरचे हप्ते. लोकांना वाटतं, एवढ्या तेवढ्याने काय होतं. लवकर भरलेलं थोडंसुद्धा पुढची वर्षानुवर्षं व्याज खाऊ देत नाही."

ती मनात गणित करत होती, पण ते बँकेचं नव्हतं. एका पॅन्टचे दोन पाय. उसवायचे, मापायचे, कापायचे, मुडपायचे, टीप मारायची. अशा किती पॅन्टी म्हणजे सव्वादोन लाख? तिने कागदावर घराची किंमत काढली तेव्हा मुद्दल धरलं, व्याज धरलं. रस्ता ओलांडून समोरच्या दुकानात जाण्याची किंमत धरली नव्हती. ती कुठल्याच तक्त्यात येत नाही. आणि ही किंमत आपल्या एका वाक्यापायी भरली गेली, की त्या वाक्यामुळेच घर वाचलं, हे तिला ठरवता येईना. दोन्ही खरं असावं.

"बारा," आई बाहेर पायरीवर थांबून म्हणाली. "त्यांनी दोनशे चाळीस लिहिलंय."

"आई, बारा हप्ते आरामात होतील. मी निम्मे भरते."

"नऊ. ऑर्डर घेतली की माप बदलायचं नाही. तीन अजून मुडपायचेत. मी काजं-बटणं करते, मला काय सरळ टीप मारता येत नाही? आणि मामाला तूच सांग, मी सांगितलं तर तो चहा पितच बसेल."

घरी पोहोचण्याआधी आई रस्ता ओलांडून समोरच्या दुकानात शिरली. आत काय बोलणं झालं ते लेकीला कळलं नाही, पण दुकानदार स्वतः गाठोडं उचलून पोहोचवायला आला आणि जाताना त्याने मशीनकडे बघून मान लववली. आईने मशीनचा पट्टा तपासला. मग सुईखाली अजून तसाच असलेला तो अर्धा पाय नीट केला आणि राहिलेली टीप पुरी केली. आधीच्या टिपेपेक्षा ती जरा वाकडी गेली. आईने ती उसवली नाही.

लेक पाणी प्यायला आत गेली. दुपारचे दोन वाजले होते. तिचा हात बटणाकडे गेला आणि तिथेच थांबला.

खिडकीसमोर शेजाऱ्यांची भिंत होती तिथेच होती. पण तिच्या वरच्या काठावरून उतरलेला उजेड पिवळ्या रंगावर पडत होता आणि तिथून फळीवर, बरण्यांवर, ओट्यावर पसरत होता. मीठ दिसत होतं. साखर दिसत होती. तिने दिवा लावला नाही. स्टूल अजून कोपऱ्यात होतं, त्याच्या पायाला पिवळा ओघळ वाळलेला.

बाहेर मशीन चालू होतं. ती भिंतीजवळ गेली आणि तळवा टेकवला. रंग पुरता सुकला होता.

"बाबा," ती म्हणाली. आवाज तिला वाटला त्यापेक्षा मोठा आला. बाहेरचं मशीन थांबलं. तिने आवाज तसाच राहू दिला. "घर छान आहे. मला आवडतं."