धोंडिराम शिवशरण विरुद्ध राज्य

मोहोळकर वकिलांनी भिंग पानावर धरलं आणि पेन्सिलीनं खुणा केलेल्या ओळी पुन्हा वाचल्या. माणसाची प्रतिष्ठा त्याच्या मृत्यूपाशी संपत नाही, अंत्ययात्रेची वाट हा उपकार नसून हक्क आहे. वाक्यं त्यांचीच होती. युक्तिवादात ते बोलले होते आणि न्यायमूर्तींनी जवळजवळ तशीच निकालपत्रात उतरवली होती. पुस्तक लॉ कॉलेजच्या पहिल्या वर्षाचं होतं. ते घेऊन आलेली मुलगी अजून दारातच उभी होती.

"आत ये, बस. नाव काय तुझं?"

"प्रतिक्षा शिवशरण. ही आमच्या आजोबांची केस आहे, सर." ती बसली नाही. "आजोबा काल रात्री गेले."

वकिलांनी भिंग खाली ठेवलं. सव्वीस वर्षांपूर्वी दर तारखेला इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून हायकोर्टात त्यांच्या मागं उभा राहणारा धोंडिराम त्यांना आठवला. इंग्रजीतलं एक अक्षर कळत नसताना तो प्रत्येक वाक्याला मान डोलवायचा.

"स्मशानाच्या वाटेवरच्या ओढ्याला छातीभर पाणी आहे," प्रतिक्षा म्हणाली. "दुसरी वाट फक्त निंगप्पांच्या शेतातून. त्यांनी बांधावर ट्रॅक्टर आडवा लावलाय. आज्जी म्हणाली, मोहोळकर साहेबांना घेऊन ये. निकाल आपला आहे, मग बघू कोण अडवतंय."

सोलापुरात माणसं वकील शोधतात ती वाटणीसाठी, नाहीतर घटस्फोटासाठी. राज्यघटना हा इथं जयंतीला हार घालण्याचा विषय. तरी या शहरात राहून मोहोळकरांनी पन्नास वर्षं घटनेचीच वकिली केली. रातराणी गाडीनं मुंबईला जायचं, बाजू मांडायची, परत येऊन सकाळी कॉलेजात शिकवायचं. वर्तमानपत्रं त्यांना घटनातज्ज्ञ म्हणत आणि घरात पत्नी शकुंतलाबाई थट्टेनं तेच म्हणत, विशेषतः त्यांना गॅसची टाकी बदलता आली नाही की. आता ते एक्याऐंशीचे होते. या सगळ्या वर्षांत ज्या एका निकालानं त्यांचं नाव झालं, तो धोंडिरामचा होता.

त्यांनी जिल्ह्यातल्या अधिकाऱ्यांना फोन लावायला घेतले. रविवार होता. एक साहेब दौऱ्यावर होते, दुसऱ्यांचा फोन वाजून बंद पडला. तिसऱ्या, तरुण अधिकाऱ्यानं मात्र लगेच उचलला आणि तो खुर्चीतून उठून बोलतोय हे आवाजावरून कळत होतं.

"सर, तुमचा निकाल आम्ही प्रशिक्षणात अभ्यासला आहे. पण सर, आदेश कुठंय? शेवटच्या परिच्छेदात फक्त एवढंच आहे, की अधिकाऱ्यांनी तीन महिन्यांत चौकशी करून रस्त्याचा निर्णय घ्यावा. तो निर्णय कधी झालाच नाही. मी आज कशाच्या जोरावर ट्रॅक्टर हलवू?"

तो परिच्छेद वकिलांच्याच संमतीनं लिहिला गेला होता. न्यायमूर्तींनी विचारलं होतं, तत्त्व मी ठामपणे मांडतो, या रस्त्याचं मात्र अधिकाऱ्यांवर सोडू, चालेल? असा निकाल वरच्या कोर्टातही टिकणार, देशभर वापरला जाणार, हे मोहोळकरांना तत्काळ दिसलं. ते चालेल म्हणाले. हाकेच्या अंतरावर उभ्या असलेल्या धोंडिरामला मागं वळून विचारायचं त्यांना सुचलंही नाही. बाहेर आल्यावर त्यानं विचारलं, काय झालं साहेब? आणि त्यांनी सांगितलं, जिंकलो. धोंडिरामनं गावभर पेढे वाटले. पुढं दोन-तीन वेळा त्याची पत्रं आली, रस्ता कधी सुरू होणार म्हणून. वकिलांनी ती कारकुनाकडं दिली होती. कारकुनानं काय केलं, हे त्यांनी कधी विचारलं नाही.

"चल," ते प्रतिक्षाला म्हणाले. शकुंतलाबाईंनी त्यांच्या खिशात गोळ्यांची पट्टी सरकवली.

होटगी ओलांडून रिक्षा गावात शिरली तेव्हा बारा वाजत आले होते. पावसानंतरचं ते पांढरं, डोक्यात जाणारं ऊन होतं. लिंबाच्या झाडाखाली धोंडिरामला ठेवलं होतं. खालच्या बर्फाच्या लाद्या वितळून पाण्याची धार वाटेवर आली होती. भोवती पांढऱ्या कपड्यांतली चाळीसेक माणसं होती. वकिलांना पाहताच ती उठून उभी राहिली आणि धोंडिरामची बायको मीनाबाई पुढं आली.

"आलासा साहेब? आता मला काळजी न्हाय," ती म्हणाली. "मी सगळ्यास्नी सांगितलं, साहेब येऊ द्या, कागुद वाचू द्या."

वकिलांनी निकालपत्र आणलं होतं, पण पिशवीतून काढलं नाही. ते सरळ ट्रॅक्टरकडं गेले.

निंगप्पा चाकाच्या सावलीत बसला होता. सत्तरी उलटलेला, बारीक चणीचा माणूस. तो उठला आणि त्यानं डोक्यावरची टोपी नीट केली.

"बसा री साहेब. तुमच्यापुढं आमच्या वकिलाला कोर्टात तोंड उघडता आलं न्हवतं, ध्यानात हाय माझ्या."

"निंगप्पा, माणूस कालपासून पडून आहे."

"मला दिसतंय की. मी काय राक्षस हाय का? धोंडिराम आन् मी एका वर्गात व्हतो." त्यानं मान फिरवली. "पर माझं रान चार एकर. मधनं रस्ता गेला की ऱ्हातंय काय? म्हनून एकच म्हनणं हाय. तुमच्या हातानं लिवून द्या. आजच्या दिवसापुरती परवानगी मागितली, ती मी दिली. हक्क न्हाय, परत कवा मागणार न्हाय. खाली मीनाक्काची सही. मग ट्रॅक्टर काढतो."

कुणीतरी निंगप्पाला चांगला सल्ला दिला होता. असा कागद एकदा झाला, की अधिकाऱ्यांकडं पडून राहिलेलं ते प्रकरण मेलं. उद्या वस्तीतलं कुणी पुन्हा कोर्टात गेलं, तर समोरचा वकील सगळ्यात आधी हाच कागद काढणार. मोहोळकरांनीही तेच केलं असतं.

"सर, हे लिहू नका," मागून येऊन उभी राहिलेली प्रतिक्षा हळूच म्हणाली. "हक्क आहे ना आपला? पुस्तकात आहे."

"आहे."

"मग?"

वकिलांनी लिंबाकडं पाहिलं. एक म्हातारी पदरानं माश्या वारत होती. बर्फ आणायला सोलापूरला गेलेला माणूस परतला नव्हता. त्यांनी कागद मागितला.

ट्रॅक्टरच्या बॉनेटवर कागद ठेवून त्यांनी लिहिलं. मसुदा चोख उतरला. 'केवळ आजच्या दिवसापुरती', 'मालकाच्या मर्जीने', 'कोणताही हक्क न सांगता'. पन्नास वर्षांच्या सवयीनं त्यांनी एकही पळवाट शिल्लक ठेवली नाही. लिहून झाल्यावर त्यांना स्वतःच्या हाताचा राग आला.

मीनाबाई पदर सावरत आली. तिनं पेन घेतलं, पण सही करायच्या आधी कागदाकडं बघत राहिली.

"मला वाचाया येत न्हाय, निसती सही येतीया. काय लिवलंय साहेब?"

वकिलांनी तोंड उघडलं. तीन मुख्य न्यायमूर्तींसमोर जे मोहोळकर अडखळले नव्हते, त्यांना एक शब्द सुचेना. खरं सांगितलं तर ही बाई सही करणार नाही, हे त्यांना कळत होतं. खोटं त्यांच्यानं निघेना.

प्रतिक्षानं तिच्या हातातून कागद घेतला. सावकाश वाचला. मग पुन्हा पहिल्या ओळीपासून वाचला. एकदा तिनं लिंबाखाली पाहिलं.

"रस्ता मिळाला असं लिवलंय, आज्जी," ती म्हणाली. "सही कर."

मोहोळकरांनी मान खाली घातली. त्यांना लाज वाटली, मुलीची नव्हे, स्वतःची.

मीनाबाईनं एकेक अक्षर कोरून सही केली. शाई वाळावी म्हणून कागदावर फुंकर घातली आणि दोन्ही हातांनी तो निंगप्पाला दिला.

"ह्येची एक झेराक्स आमाला द्या," ती म्हणाली. "पैला निकाल फ्रेम करून भितीला लावलाय. ह्यो त्येच्या शेजारी लावायचा."

निंगप्पानं वकिलांकडं पाहिलं, मग मुलीकडं. मुलगी जमिनीकडं बघत होती. त्यानं कागदाची घडी घातली.

"देतो की, आक्का," तो म्हणाला आणि ट्रॅक्टर काढायला गेला.