माझा हरवलेला पहिला मीटर

मी एक जुनी मोजफीत आहे. माझ्या अंगावर तीस मीटर छापलेले आहेत, पण मी एकोणतीसच मीटर आहे. मित्रांनो, हे मी आधीच सांगून टाकते. ते वेळेवर कुणी सांगितले नाही, म्हणूनच पुढचे सारे घडले.

कारखान्यातून निघाले तेव्हा मी पिवळीधमक होते. दर मीटरला लाल आकडा आणि टोकाला लोखंडी कडी. मला अश्विनीमॅडमनी विकत घेतले. त्या कॉलेजात प्राचीन इतिहास शिकवतात आणि सुट्टीत सौंसर-पांढुर्ण्याच्या रानात जुन्या माणसांच्या खुणा शोधतात. खापर सापडले एवढ्यावर त्यांचे भागत नसे. ते ओढ्यापासून किती अंतरावर होते आणि दगडांपासून किती, हे त्यांना हवे असे. "अंतर चुकलं की अडीच हजार वर्षांपूर्वीची माणसं आपण भलत्याच जागी राहायला पाठवतो," असे त्या म्हणत. हे वाक्य ऐकले की मला माझा अभिमान वाटे.

तीन वर्षांपूर्वी लोधीखेड्याजवळ मी एका शेतवाटेवर आडवी पडले होते. ट्रॅक्टरच्या वखराच्या दात्यात माझे टोक अडकले आणि फाटले. मॅडमची विद्यार्थिनी सुप्रिया हिने फाटका भाग बरोबर एक मीटरच्या खुणेवर कापला आणि कडी तिथे पुन्हा शिवली. टाके इतके सुबक होते की मी धडधाकट दिसू लागले. वहीच्या पहिल्या पानावर तिने लिहिले, 'फितीच्या आकड्यातून एक मीटर वजा करणे.' माझ्यावर मात्र काहीच लिहिले नाही. तीन वर्षे ती न चुकता एक वजा करत राहिली. मला वाटले, आपली खोड आता सगळ्यांना ठाऊक आहे. प्रत्यक्षात ती एकाच मुलीला ठाऊक होती.

यंदा सौंसरजवळ रघुनाथरावांच्या शेतात दगडांचे एक वर्तुळ सापडले. जुन्या लोकांनी आपल्या मेलेल्या माणसांसाठी मांडलेले असे दगड या भागात आहेत. हे दाखवले देवीदासकाकांनी. त्या शेतावर तीस वर्षे मजुरी केलेला हा माणूस. तिथे संत्र्याची नवी बाग लागायची होती. दगड तसेच राहू द्या म्हणून काका महिनाभर मालकांच्या मागे लागले. शेवटी रघुनाथराव म्हणाले, "बरं बापा, दहा झाडाईची जागा सोडतो. पण नापून दे मले. अन् जबाबदारी तुही."

"माही," काका म्हणाले.

उताराकडचे चार दगड मातीखाली दडलेले होते. सुप्रियाने सळई खुपसून ते शोधले. त्यांची बाहेरची कड मधल्या खुंटीपासून दहा मीटर चाळीस सेंटिमीटरवर होती. म्हणून मॅडमनी ठरवले की अकरा मीटरवर चुन्याची रेघ मारायची आणि झाडांचे खड्डे रेघेबाहेर खोदायचे.

ती रेघ सुप्रियाच मारणार होती. पण मे महिन्यात तिचा छिंदवाड्याला पेपर आला. सौंसरच्या बसस्टँडवर तिने मला काकांच्या हातात दिले.

"काका, बीचच्या खुंटीत कडी अडकवा. अकरावर गोल चुना टाका."

"अजून काही ध्यानात ठेवा लागते काय वं पोरी?"

बस हॉर्न वाजवत होती. सुप्रियाचा एक पाय पायरीवर होता. "नाई काका, बस्स इतकंच."

मी तिथेच होते. माझ्या अंगावर तीस आकडे आहेत, पण तोंड नाही.

काकांनी माझी कडी खुंटीत अडकवली. अकराचा आकडा तीन वेळा पाहिला, चष्मा पुसून पुन्हा पाहिला आणि चुना टाकला. रेघ दहा मीटरवर पडली.

दुसऱ्या दिवशी सकाळी नऊ वाजता जेसीबी आला. पश्चिमेच्या तिसऱ्या खड्ड्यात दाते दगडावर घासले. दगड उचकटला आणि त्याला टेकून ठेवलेले एक काळे-तांबडे मडके चुरा होऊन मातीच्या ढिगावर पडले. अडीच हजार वर्षांत त्याला कुणी हात लावला नव्हता.

"काकाजी, पुढच्या बारीले पावलानं नापा," जेसीबीवाला हर्षल हसत म्हणाला. बाकीचे मजूरही हसले.

रघुनाथराव हसले नाहीत. "काय गा देवीदास? दगडाईले हात लावू नका म्हणून माहं डोकं खाल्लं, अन् तुले अकरा मोजता नाई येत?"

"म्या तीन डाव पायलं, मालक."

"पायलं, तं हे काय होय मंग? आता मॅडमले काय तोंड दाखवू मी? जबाबदारी कोनाची होती?"

"माही," काका म्हणाले. त्या दिवसापासून ते कामावर आले नाहीत.

तिसऱ्या दिवशी सुप्रिया आली. तिने कडी खुंटीत अडकवून मला रेघेपर्यंत ओढले. अकरा. सवयीने तिने एक वजा केला आणि तिचा हात थांबला. तिने मला भराभर गुंडाळून पिशवीत कोंबले. मॅडमनी फोनवर विचारले, "रेघ चुकली कशी?" ती म्हणाली, "बघते मॅडम."

मित्रांनो, चार दिवस मी त्या पिशवीत होते. गावात लोक म्हणत होते की देवीदास म्हातारा झाला, त्याच्या भरवशावर काही सोडू नये. खोटे मी बोलले होते आणि मान खाली घालून तो माणूस फिरत होता. मला स्वतःच्या पिवळ्या रंगाचीही लाज वाटत होती.

पिशवीतल्या पाचव्या दिवशी काका सुप्रियाच्या घरी आले. हातात खताची जुनी गोणी होती.

"रोज पहाटे वावरात जाऊन सारा ढीग चाळणीतून काढला," ते म्हणाले. "एक्क्याऐंशी तुकडे हायेत. बूड काही गावलं नाई. मॅडमले दे, अन् सांग, गलती माही झाली. डोळे गेले असतीन माहे."

सुप्रियाने गोणी घेतली नाही. ती आत गेली, मला घेऊन बाहेर आली आणि माझे शिवलेले टोक काकांसमोर धरले. "काका, कडीच्या बाजूचा आकडा वाचा."

काकांनी मला चष्म्याजवळ नेले. "एक," ते म्हणाले. मग कडीजवळच्या टाक्यांवरून त्यांनी बोट फिरवले.

"चल," ते म्हणाले, "मले नको सांगू. जिथं हासले तिथं सांग."

ती गेली. रघुनाथराव, हर्षल आणि सगळे मजूर यांच्यासमोर तिने मला रेघेपर्यंत ओढले. मग शेजारी दुकानातून आणलेली नवी फीत ओढली. माझ्यावर अकरा, तिच्यावर दहा. "काकांनी बरोबर मोजलं," ती म्हणाली. "टेप तुटका आहे हे मी सांगितलं नाही. त्यांनी विचारलं होतं, तरी नाही. आणि मला कळल्यावरही चार दिवस मी गप्प बसले."

हर्षलने मान वळवली. रघुनाथराव दोन्ही फितींकडे पाहत राहिले. मग म्हणाले, "देवीदास, उद्या ये गा. रेघ पुन्हा मारा लागते." थोडे थांबून त्यांनी जोडले, "तूच मार."

"मारतो," काका म्हणाले. "पण आधी इच्यावर लिही वं पोरी. तुटलं तं तुटलं, पण लिहून ठेवावं नाई काय?"

सुप्रियाने पक्क्या शाईने माझ्या टोकावर लिहिले, 'येथे पहिला मीटर नाही.' ती अक्षरे सुबक नाहीत. माझ्या अंगावरचे तेवढेच मी आज खरे मानते.

रेघ आता खऱ्या अकरावर आहे. मडके मात्र एक्क्याऐंशी तुकड्यांत कागदी पेटीत आहे, आणि बूड नसल्यामुळे ते कधीच उभे राहणार नाही. त्याच्याजवळून मला नेतात तेव्हा मी अजूनही अंग चोरते.

मित्रांनो, जुन्या वस्तू फेकू नका. पण दुसऱ्याच्या हाती देताना त्यांची मोडतोड लपवूही नका. आणि कधी मी तुमच्या हाती आले, तर एवढे करा: माझ्या टोकावरची शाई फिकी दिसली, की मोजण्याआधी ती गिरवा.