फजितीचं बोलणं

तिला सगळे फजिती म्हणत. मूकपटांच्या कंपनीत ती मुळात कपडे शिवायला होती. एकदा शूटिंग चालू असताना नटाच्या कोटाचं बटण लावायला धावली आणि शिडीसकट पाण्याच्या टाकीत पडली. वर आल्यावर तिने टाकीलाच असं काही झापलं, की दिग्दर्शकाने ते तसंच ठेवलं. बाकीचे नट नुसते ओठ हलवत; ही शब्द न् शब्द ओठांवर स्पष्ट आणायची, आवाज मात्र जेमतेम. सवयच होती तिला. ती पाळण्यात असताना तापात आईचे कान गेले, तेव्हापासून त्या घरात आवाजाला किंमत नव्हती. ओठ नीट हलले की झालं.

दोन वर्षांत सहा चित्रपट झाले. प्रत्येकात ती पडली आणि लोक पोट धरून हसले. आईच्या कानावर, म्हणजे डोळ्यांवर, हे आलं आणि तिचं डोकंच फिरलं. "लोकांनी हसावं म्हणून वाढवलं का तुला?" एवढं बोलून तिने डोळे मिटून घेतले. दुसऱ्या आया अबोला धरतात तेव्हा निदान ऐकत तरी असतात. इथे तीही सोय नव्हती. फजितीने तोंड उघडलं की आई डोळे मिटायची. असे पाच महिने गेले. पडण्याचं फजितीला काही वाटत नसे, पण हे फार लागलं.

शेवटी तिने शक्कल लढवली. सातव्या चित्रपटात जिन्यावरून गडगडल्यावर तिने कॅमेऱ्याकडे बघून हॉटेलवाल्याला शिव्या द्यायच्या होत्या. त्याऐवजी ती म्हणाली, "आई, लागलं नाही गं मला. बघ ना माझ्याकडे." दिग्दर्शकाला ओठ हलल्याशी मतलब. पडद्यावर पुढे संवादाची पाटी आली ती ठरलेलीच, 'थांब मेल्या, बघतेच तुला!'

मावशीने गोडीगुलाबीने आईला थिएटरात नेलं. फजिती मागच्या रांगेत जीव मुठीत धरून बसली होती. जिना आला, ती गडगडली, लोक खुर्चीवरून खाली लोळायचेच बाकी राहिले. मग पडद्यावरचं तोंड बोलू लागलं, आणि आई ताडकन उभी राहिली. स्वतःचा आवाज ज्याला ऐकू येत नाही, तो माणूस काय बेताने बोलणार!

"खोटं बोलतेय कार्टी! लागलंय तिला!"

लोकांना तोही खेळाचाच भाग वाटला. ते आणखी हसले. फजिती मात्र मागे बसून हुंदके देत होती.

घरी येताच आईने तिला खिडकीपाशी बसवून गुडघा चाचपला. "दुखतो अजून?"

"दुखतो."

"मग सोड ते काम."

"सुटलंच, आई. आता बोलपट निघालेत. बोलणारी माणसं हवीत म्हणे. काल परीक्षा घेतली, माझा आवाज यंत्राला पोचलाच नाही. नापास झाले."

आईने तिची हनुवटी धरून तोंड उजेडाकडे वळवलं आणि पुन्हा सांगायला लावलं. मग खरोखरच चिडून म्हणाली, "तुला नापास केलं? अक्कल नाही मेल्यांना. तुझ्याइतकं स्पष्ट बोलणारं माझ्या तरी पाहण्यात नाही!"